कामापुरता बदललेला मोड

बावीस वर्षं लिफ्ट दुरुस्त करणारा माणूस राहायचा कुठे, तर लिफ्ट नसलेल्या इमारतीत. यावर येणारा-जाणारा प्रत्येक जण एकदा तरी विनोद करायचा आणि हा विनोद आपल्यालाच पहिल्यांदा सुचला अशा थाटात हसायचा. लिफ्टवाला बिचारा दर वेळी हसून वेळ मारून न्यायचा. इमारत तीन मजल्यांची. पहिल्या मजल्यावर, गॅलरीच्या टोकाला त्यांच्या दोन खोल्या. तो, त्याची बायको आणि नऊ वर्षांची मुलगी. बायको चष्म्याच्या दुकानात मागच्या बाजूला बसून काचा घासून फ्रेममध्ये बसवायची. मुलीचं खरं नाव शाळेच्या वहीवर असेल तेवढंच. घरात, दारात, जिन्यात ती सगळ्यांची ठमी.

ठमीला वेड होतं ठोकळ्यांच्या खेळाचं. बाहेरच्या खोलीत एक जुना कॉम्प्युटर होता, त्यावर शाळेतून आली की तासभर. खेळात काय, तर माती खणायची, दगड फोडायचे, ठोकळ्यावर ठोकळा रचून हवं ते बांधायचं. बाकीची मुलं राजवाडे बांधतात म्हणे. या बयेने स्वतःची इमारतच बांधायला घेतली होती. बापाची मापाची टेप घेऊन तिने जिना मोजला, गॅलऱ्या मोजल्या, अंगणातल्या सायकलीसुद्धा मोजून ठोकळ्यांच्या केल्या. लिफ्टवाल्याला याचं इतकं कौतुक की कामावर कोणी ऐकायला तयार असो वा नसो, तो सांगत सुटायचा.

पण ती खेळायची सर्व्हायव्हल मोडमध्ये. म्हणजे तिथे खेळातल्या माणसाला भूक लागते, तो पडला की त्याला लागतं, जास्त लागलं की मरतो. पडद्याच्या तळाशी दहा लाल हृदयं आणि शेजारी भुकेची पट्टी. एका शनिवारी ठमी तिसऱ्या मजल्याच्या ठोकळ्यांवरून पडली, दहाच्या दहा हृदयं गेली, आणि महिनाभर जमवलेलं सामानही गेलं. त्या दिवशी ती जेवली नाही. रडून रडून डोळे सुजले.

"बाबा, तुम्ही सगळ्या जगाच्या लिफ्ट करता," ती रविवारी सकाळी म्हणाली, "माझ्या इमारतीला एक करून द्या ना."

"खऱ्या इमारतीला जमलं नाही, तुझ्या तरी इमारतीला होऊ दे," असं म्हणत तो खुर्ची ओढून बसला.

आता लिफ्टच्या कामातली एक गोष्ट सांगितली पाहिजे. लिफ्टलाही मोड असतात. रोजची ये-जा चालते तो नॉर्मल. आणि मेकॅनिकला लिफ्टच्या डोक्यावर चढून काम करायचं असलं की एक स्विच फिरवायचा, तो तपासणीचा. मग खालून कोणी कितीही बटणं दाबली तरी लिफ्ट हलत नाही. काम झालं की स्विच परत नॉर्मलवर. पण त्याआधी, आत-वर-खाली जो कोणी असेल त्याला हाक मारायची आणि त्याचं स्वतःचं उत्तर कानाने ऐकायचं. दुसऱ्याने सांगितलेलं चालत नाही. लिफ्टवाला ज्या म्हाताऱ्या मिस्त्रीच्या हाताखाली शिकला, त्याने हे त्याच्या डोक्यात इतकं घट्ट बसवलं होतं की तो झोपेतही चुकला नसता.

म्हणून कॉम्प्युटरसमोर बसल्यावर त्याने पहिला प्रश्न विचारला, "इथे तपासणीचा स्विच कुठाय?"

ठमी खो खो हसली. पण तिने दाखवलं. मेन्यू उघडायचा, दुसरी ओळ, तिथे क्रिएटिव्ह. त्याने ती ओळ दाबली आणि पडद्याखालची हृदयं गेली, भुकेची पट्टी गेली. आता पडलं तरी लागत नव्हतं, हवा तेवढा माल हातात येत होता, हवेत तरंगताही येत होतं. दोघांनी दुपारपर्यंत खपून लिफ्ट केली. वरखाली दहा वेळा चालवून बघितली. बायको स्वयंपाकघरातून तीनदा ओरडली तेव्हा कुठे उठले.

उठताना त्याचा हात मेन्यूकडे गेला होता.

"राहू दे ना बाबा असंच," ठमी म्हणाली. "परत पडले तर?"

तिचे डोळे अजून आदल्या दिवशीचे सुजलेले होते. खेळच तर आहे, असं म्हणून त्याने हात मागे घेतला. बावीस वर्षांत पहिल्यांदा स्विच जागेवर न आणता तो जेवायला बसला.

ठमी त्या दिवशी जेवली, पण आईने वाढलं म्हणून. दुसऱ्या दिवशी डबा भरलेला परत आला. "भूक नव्हती," ती म्हणाली. त्या आठवड्यात शाळेत लस टोचली, तेव्हा सगळी मुलं भोकाड पसरून रडली आणि ठमी सुईकडे बघत उभी राहिली. बाईंनी वहीत शाबासकी लिहून पाठवली. लिफ्टवाला केवढा खूश! वाघीण आहे माझी, म्हणाला. जिन्याच्या चार पायऱ्या ती एकदम उडी मारून उतरायला लागली, मग आठ, मग अर्धा जिना. गुडघ्याला खरचटणं नाही, काही नाही.

बायकोला मात्र पहिल्यापासूनच कुठेतरी खुपत होतं. ती दर रविवारी पोरीची नखं कापायची. त्या रविवारी नेलकटर घेऊन बसली आणि कापायला काही नव्हतंच. आधीच्या रविवारी कापली होती तेवढीच नखं, तशीच्या तशी. एक दात दोन आठवडे हलत होता, एका धाग्यावर लोंबत होता म्हणा ना, तो पडायचं नाव घेईना. आणि एके सकाळी ठमीने गॅसवरचं तापलेलं भांडं नुसत्या हातांनी उचलून ओट्यावर ठेवलं.

आईच्या हातातला डाव गळून पडला. तिने पोरीचे तळवे उलटे-सुलटे करून बघितले. फोड नाही, लाली नाही.

"अहो, इकडे या," ती कसंबसं म्हणाली. "हात लावून बघा हिला. गरम नाही लागत. गारही नाही लागत."

लिफ्टवाल्याने पोरीच्या गालाला हात लावला. गाल मऊ होता, गालच होता. पण आपण कशाला तरी हात लावलाय असं हाताला कळत नव्हतं.

डॉक्टरांकडे नेली. डॉक्टरांनी थर्मामीटर लावला, पारा जागचा हलला नाही. ते म्हणाले, हा बिघडलेला दिसतोय, आणि दुसरा लावला. तोही बिघडलेला निघाला. वजन केलं तर शाळेत लस टोचली त्या दिवशीच्या कागदावर होतं तेवढंच, वरचे ग्रॅमसुद्धा तेच. "मुलगी ठणठणीत आहे, उगाच जीव टांगणीला लावू नका," म्हणाले आणि दुसऱ्या पेशंटला आत बोलावलं.

ठणठणीत! घरात आल्यावर ठमी भिंतीला टेकून उभी राहायची. बस म्हटलं की बसायची. खेळ तिने कधीच सोडून दिला होता. "सगळं मिळतंच," म्हणायची, "मग करायचं काय?" पूर्वी पोटाला नुसतं बोट दाखवलं तरी लोळायची, आता बापाने गुदगुल्या केल्या तर तो दमेपर्यंत ती त्याच्याकडे बघत राहिली. रात्री आई उठून बघायची तेव्हा तिचे डोळे उघडे. जिन्यात तिच्या पावलांचा आवाज येईनासा झाला. एकदा तो कामावरून येत होता आणि ती वरून उतरत होती, तेव्हा दोन पायऱ्यांच्या मधे तिचा पाय क्षणभर कशालाच टेकलेला नव्हता. हे त्याने बायकोला सांगितलं नाही.

नेमकं काय विचारायचं ते तिलाच कळलं. बायकांना कळतं ते असं. एका रविवारी सकाळी भांडी आवरता आवरता ती थांबली आणि म्हणाली, "कधीपासून झालं हो हे?"

त्याने मनात दिवस मोजले. मोजून झाल्यावर त्याने पुन्हा मोजले.

"तो मोड," तो म्हणाला. "मी परत नाही केला."

दुसरी कोणी असती तर म्हणाली असती, वेड लागलंय तुम्हाला. ही बाई नऊ महिने आणि नऊ वर्षं त्या पोरीला ओळखत होती. तिने ओले हात पदराला पुसले. "मग करा की परत! बसलात काय? मला माझी पोर हवीय. रडणारी, भांडणारी, जशी होती तशी हवीय."

तो खुर्चीत बसला. कॉम्प्युटर सुरू व्हायला नेहमीसारखाच जन्म गेला. खेळ उघडला. या खेळात पडद्यावर तेच दिसतं जे खेळातल्या माणसाला दिसतं. पायांखाली गॅलरीचा कठडा दिसत होता, दुसऱ्या मजल्याचा, आणि कठड्यापलीकडे खोल खाली अंगण आणि ठोकळ्यांच्या सायकली. मागच्या वेळी ठमीने इथेच खेळ सोडला असणार, असं त्याला वाटलं.

"ठमी कुठाय?" त्याने मेन्यू उघडता उघडता विचारलं.

"आतल्या खोलीत. आत्ताच बघितली मी," बायको त्याच्या खांद्यावरून वाकून पडद्याकडे बघत म्हणाली. "कुठली ओळ?"

"पहिली. दुसरी होती ती क्रिएटिव्ह, पहिली सर्व्हायव्हल."

बावीस वर्षांची सवय त्याच्या घशापर्यंत आली होती. हाक मारायची होती. पण घर केवढं, दोन खोल्यांचं, आणि आईने आत्ताच बघितलं म्हणते. शिवाय आपली चूक निस्तरायची त्याला इतकी घाई झाली होती की तेवढा दम निघाला नाही. त्याने पहिली ओळ दाबली.

पडद्याखाली दहा लाल हृदयं उमटली. बायकोने त्याचा खांदा दाबला. त्याच क्षणी पडद्यावरचा कठडा वर गेला, अंगण वेगाने वर आलं, सायकली मोठ्या मोठ्या होत गेल्या, सगळा पडदा लाल झाला, आणि बाहेर अंगणात काहीतरी आदळलं.

मग किंकाळी आली. तीन आठवड्यांत पहिल्यांदा त्यांची पोर रडत होती.

तो जिना कसा उतरला त्याला आठवत नाही. सायकली आडव्या पडल्या होत्या आणि त्यांच्यात ठमी होती, डावा पाय मांडीपासून भलतीकडेच वळलेला. वरच्या मजल्यावरची दोन मुलं कठड्याला धरून थिजली होती. पावलांचा आवाज न करता ठमी घरातून कधी निसटली, कोणालाच कळलं नव्हतं. "तीच म्हणाली, मला काही होत नाही, बघा!" त्यातली एक मुलगी वरून रडत ओरडली. लिफ्टवाल्याने गुडघे टेकून पोरीचा चेहरा दोन्ही हातांत घेतला. चेहरा गरम होता. घामेजला होता. तो धागा तुटून दात कधी पडला कोण जाणे, ओठावर रक्त होतं. आणि काय सांगावं, देवा, त्या अर्ध्या क्षणाला त्या बापाला आनंद झाला. नंतर त्या आनंदाची त्याला इतकी लाज वाटली की त्याने तो कोणालाच सांगितला नाही.

हॉस्पिटलमध्ये सांगितलं, मांडीचं हाड मोडलंय, उद्या सकाळी ऑपरेशन, जीवाला धोका नाही. पायाला वजन बांधून तिला खाटेवर झोपवलं. दुखू नये म्हणून औषध दिलं, पण औषधाचं आणि त्या पायाचं काही जमेना. जरा डोळा लागला की पाय ठणकायचा आणि ती ओरडून जागी व्हायची. ओरडून ओरडून आवाज बसला. बाजूच्या खाटेवरची म्हातारी कानावर उशी घेऊन पडली होती.

"हाक मारायची असते," लिफ्टवाला बायकोला म्हणाला. दिवसभरात विसाव्यांदा तेच. "मी हाक मारली नाही."

"मी म्हटलं ना आत आहे म्हणून. मीच म्हटलं." तिचंही ते विसाव्यांदाच होतं.

मग ठमीने डोळे उघडले आणि बापाचा हात धरला. तिचा तळवा ओला होता आणि तापला होता.

"बाबा, परत तसं करा ना," ती म्हणाली. "एक बटण तर आहे."

आईने तिच्या कपाळावरचा घाम पुसला.

"बाबा, खूप दुखतंय हो. करा ना. आई, सांग ना त्यांना."

तो तिला समजावायला लागला. कसं समजावणार? नखं वाढत नाहीत तिथे मोडलेलं हाड कसं जुळणार? आता थांबवलं तर पाय असाच राहील, ही अशीच राहील, नऊ वर्षांची, भिंतीला टेकून उभी. हे सगळं त्याला स्पष्ट दिसत होतं, पण पोरीसमोर तोंडातून फक्त "थोडं सोस, बाळा, थोडं सोस," एवढंच निघत होतं. ते ऐकून ठमीने त्याचा हात सोडला आणि तोंड भिंतीकडे केलं. पुन्हा कळ आली तेव्हा ती त्याच्याकडे न बघता ओरडली.

बायको उठली. "कपडे आणि तिचे जुने कागद घेऊन येते घरून," म्हणाली. "डॉक्टरांनी मागितलेत." पदराने चेहरा पुसत ती दारातून निघून गेली. त्यालाही बरं वाटलं. तिने थोडा वेळ तरी हे ऐकू नये.

खिडकीबाहेर संध्याकाळ झाली. चहावाला येऊन गेला. लिफ्टवाल्याला सकाळपासून अन्नाचा कण नव्हता. पोटात कावळे ओरडत होते आणि त्याला वाटलं, असू दे, चांगलंय. ठमी कण्हत होती. त्याने हळूच पुन्हा तिचा हात हातात घेतला, आणि या वेळी तिने घेऊ दिला. तो मनातल्या मनात ऑपरेशन, प्लास्टर, काठी, पुन्हा शाळा असं एकेक पुढे मोजत बसला. महिने लागतील. लागू देत.

कण्हणं मध्येच थांबलं.

झोप लागली म्हणून त्याचा जीव भांड्यात पडला. त्याने वळून बघितलं तर तिचे डोळे टक्क उघडे होते. कपाळावरचा घाम कुठे गेला, दिसेना. तिने उशीवरून मान उचलली आणि वजन बांधलेला तो पाय सहज, खेळणं हलवावं तसा हलवून बघितला.

"आता नाही दुखत," ठमी म्हणाली.

त्याच्या हातातला तिचा हात होता तिथेच होता. त्यातली ऊब मात्र निघून चालली होती, आधी बोटांतून, मग तळव्यातून. त्याने हात आवळला, चोळला, तोंडाशी नेऊन त्यावर फुंकर घातली. ठमी त्याच्याकडे बघत होती. तिला काही वाटत असल्यासारखं दिसत नव्हतं.

खिशातला फोन वाजला.

"अहो," बायको म्हणाली. आवाज रडून रडून घोगरा झाला होता. मागे कॉम्प्युटरच्या पंख्याची घरघर ऐकू येत होती. "थांबलं का हो तिचं दुखणं?"

शेजारच्या म्हातारीने कानावरची उशी काढली आणि इतक्या शांततेचं नवल वाटून ती इकडे बघायला लागली.

"अहो, सांगा ना. दीड हृदय उरलं होतं फक्त. ते सारखं लुकलुकत होतं. मला नाही बघवलं."

"थांबलं," तो म्हणाला.

पलीकडे ती हुंदके देऊन रडायला लागली. रडता रडताच म्हणाली, "मग राहू दे ना असंच. फक्त उद्या सकाळपर्यंत. उद्या तुम्ही येऊन परत करा, मी अडवणार नाही. फक्त आजची रात्र."

नाही म्हणायला हवं होतं. आत्ताच्या आत्ता कर परत, असं सांगायला हवं होतं. पण मग ते ओरडणं पुन्हा सुरू होणार होतं, आणि ते ओरडणं त्याने आपल्या तोंडाने सुरू करायला सांगायचं होतं. त्याने खाटेकडे बघितलं. ठमी छताकडे बघत शांत पडली होती.

"बरं," तो म्हणाला. "सकाळी करू."